विझोन्तेले (२००१) : डोंगराआडच्या गावात टीव्ही येतो

दगडफूल

१९७४ चा उन्हाळा. तुर्कस्तानच्या अगदी आग्नेय कोपऱ्यात, इराण आणि इराक दोन्हींच्या सीमेला लागून असलेल्या हक्कारी प्रांतातलं एक गाव. चहूबाजूंनी डोंगर, हिवाळ्यात रस्ते बंद, आणि करमणूक म्हणजे लतीफचं उघड्यावरचं थिएटर. अशात नगराध्यक्ष नझमी जाहीर करतो की सरकार आपल्या गावाला टीव्ही देतंय. गावकरी त्या वस्तूला 'विझोन्तेले' म्हणतात, तेच सिनेमाचं नाव.

(पुढे शेवट फोडला आहे. तो न सांगता या सिनेमावर बोलणं मला जमणार नाही. ज्यांना बघायचाय त्यांनी इथूनच परत फिरा.)

राजधानी अंकाराहून टीआरटीची, म्हणजे त्यांच्या दूरदर्शनची, माणसं येतात. गाव नटूनथटून स्वागताला उभं. पाहुण्यांना मात्र कधी एकदा इथून सुटतो असं झालेलं. सामान उतरवतात आणि जातात. जोडणी कोण करणार, डोंगराआड लहरी पोचणार कशा, हे सांगायला कुणी मागे थांबत नाही. मग नझमी जातो एमीनकडे. एमीन रेडिओ दुरुस्त करणारा, गावाच्या लेखी येडा. 'येडा एमीन' हीच त्याची ओळख. एमीन, नझमी आणि आणखी काही उत्साही मंडळी ती यंत्रं घेऊन परिसरातल्या सगळ्यात उंच डोंगरावर चढतात. खटपटीनंतर पडद्यावर काहीतरी हलतं, जल्लोष होतो, आणि लक्षात येतं की हे इराणचं केंद्र लागलंय.

इथपर्यंत सिनेमा पोट धरून हसवतो. शेवटी एमीनला खरं केंद्र सापडतं. नझमीच्या घरात सगळे टीव्हीसमोर बसलेत. बातम्या लागतात. सायप्रसमध्ये तुर्की सैन्य उतरलंय आणि मारल्या गेलेल्या जवानांमध्ये नझमीचा मुलगा रिफात आहे. गावात टीव्हीवर नीट दिसलेली पहिली बातमी ही. रिफातची आई, सिती आना, तो टीव्ही पुरायला लावते. मुलाची माती तिकडे सायप्रसला, इकडे टीव्हीची.

परीक्षणांमध्ये 'परंपरा विरुद्ध आधुनिकता' असं वाचायला मिळतं. मला ते पटत नाही आणि धागा काढण्याचं कारण तेच. या गावात टीव्हीच्या विरोधात खरा उभा कोण राहतो? लतीफ. म्हणजे कोण? सिनेमावाला! गावात आधीचं नवं खूळ आणणारा माणूस. तो लोकांचे कान भरतो, टीव्हीने गाव बिघडेल म्हणतो, पण त्याला खुपतंय ते गल्ला बुडणार हे. बाकी गाव टीव्हीसाठी हपापलेलं आहे. म्हाताऱ्यासुद्धा. जुन्याला कवटाळून बसलेलं गाव मला तरी या सिनेमात कुठे दिसलं नाही. भांडण आहे ते गावाला बाहेरचं जग कोण दाखवणार, याचं. आणि जग आत येतं ते अंकाराच्या बातम्यांच्या रूपाने, थेट एका घरावर घाला घालत.

लेखक आणि सहदिग्दर्शक यिल्माझ एर्दोआन (राष्ट्राध्यक्षांचं आडनाव तेच, संबंध काही नाही). एमीनही त्यानेच केलाय. दुसरा दिग्दर्शक ओमेर फारूक सोराक. नझमी म्हणजे आल्तान एर्केक्ली, सिती आना म्हणजे देमेत आकबा, लतीफ म्हणजे जेझमी बास्कन. तुर्कस्तानात तीस लाखांहून जास्त तिकिटं विकली गेली होती. कुणी पाहिलाय का?

रिकामटेकडा

छान लिहिलंय. वाचनखूण साठवली. इशारा असूनही पुढे वाचलं, आता बोंबलत बसतो.

बाबूराव_वाळवा

दगडफूल ताई, ते डोंगरावरचं वाचून हसाय आलं. आमच्यात पहिला टीव्ही सरपंचाच्या घरला आला तवा अँटेना फिरवायला मी कौलावर. खालनं चुलता वरडतोय, "आलं आलं... गेलं! मागं घे जरा... आरं लई फिरावलास!" पडद्यावर निस्त्या मुंग्या. मुंग्यांतनं एक बाई दिसली न दिसली तवर लाईट गेली. ते इराणचं केंद्र लागलं म्हणताय न्हवं, आमाला तर मुंग्याच गोड लागायच्या.

सुगरण_नाही_मी

मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ चं. म्हणजे हक्कारीतल्या या गोष्टीच्या दोनच वर्षं आधीचं. सिंहगडावर मनोरा झाला आणि मग पुण्यात चाळीचाळींतून 'आमच्याकडे या बघायला' सुरू झालं. आमच्या शेजारच्या काकू छायागीताच्या दिवशी दारातल्या चपला मोजायच्या. किती माणसं आली यावरून त्यांची पत ठरायची.

रिकामटेकडा

झालं, आता रामायण, रविवारची सकाळ, टीव्हीला हार आणि उदबत्ती. कृपया पुढच्यांनी हे सगळं लिहिलंय असं समजून थेट तुर्कस्तानात परत यावं.

पश्चिमघाट

सिनेमा पाहिलाय आणि मला तो दगडफूलइतका आवडलेला नाही.

एक तर ही 'भोळं गाव आणि विनोदी यंत्र' जातकुळी मला डोक्यात जाते. प्रत्येक गावकरी म्हणजे नमुना. एक येडा, एक भांडकुदळ, एक लग्नाला उतावीळ. तीस लाख तिकिटं कुठे विकली गेली? बहुतेक इस्तंबूल, अंकारा, इझमीरला. शहरी माणसाला गावाला हसायला आवडतं, वर शेवटी दोन आसवं गाळायची सोयही आहे.

दुसरं, शेवट. दीड तास हास्यजत्रा आणि शेवटच्या काही मिनिटांत मुलगा मारायचा. हा प्रेक्षकाला कोपऱ्यात गाठून रडवण्याचा धंदा झाला.

'परंपरा विरुद्ध आधुनिकता' ही विभागणी फसवी आहे, याला मात्र अनुमोदन.

दगडफूल

पश्चिमघाट, पहिल्या मुद्द्यावर भांडणार.

एर्दोआनचा जन्म हक्कारीचा, १९६७ चा. म्हणजे गोष्ट घडते तेव्हा तो सहा वर्षांचा. लहानपणी बघितलेली माणसं त्याने लिहिलीत. तुम्हाला नमुने वाटतात ते त्याच्या गल्लीतले आहेत. आणि हसू नेमकं कुणाचं होतं तेही बघा. अंकाराहून आलेले साहेब यंत्र टाकून पळतात आणि गाव ज्याला येडा म्हणतं तो ते चालवून दाखवतो. तंत्रज्ञान समजणारा गावात एकच आहे आणि तो सरकारी नाही. इस्तंबूलचा प्रेक्षक यात गावाला हसतोय की स्वतःला?

दुसरा मुद्दा मान्य नाही, पण विचार करते.

श्टुटगार्टकर

इथे जर्मनीत राहिल्यामुळे थोडं वेगळं सांगू शकतो. माझा एक सहकारी वानचा, म्हणजे हक्कारीच्या शेजारच्या प्रांतातला आहे. कुर्द. त्याला हा सिनेमा तोंडपाठ आहे, जेवणाच्या सुट्टीत त्यातले संवाद म्हणत असतो. पण एकदा तो म्हणाला की आमच्याकडची सगळी म्हातारी माणसं या सिनेमात आहेत, फक्त ती जी भाषा बोलायची ती नाही.

मुद्दा बिनतोड आहे. हक्कारी हा कुर्द बहुसंख्येचा प्रांत. सिनेमात पात्रं तिकडच्या ढंगाचं तुर्की बोलतात. २००१ मध्ये तीस लाख लोकांसाठीच्या सिनेमात यापेक्षा जास्त काही शक्य होतं का, हा प्रश्न आहेच. १९८३ च्या कायद्याने कुर्दीवर आणलेली बंदी १९९१ मध्ये उठली, पण टीआरटीची चोवीस तास कुर्दी वाहिनी सुरू व्हायला १ जानेवारी २००९ उजाडला. म्हणजे हा सिनेमा लागल्यावर जवळपास आठ वर्षांनी.

आता दगडफूलच्या मुद्द्याला जोडतो. 'बाहेरचं जग कोण दाखवणार' हे भांडण त्या भागात टीव्हीच्या आधीपासूनचं आहे. येरेवान रेडिओ, म्हणजे सोव्हिएत आर्मेनियाचा, १९५५ पासून कुर्दी कार्यक्रम लावायचा. सीमेअलीकडच्या तुर्की गावांत लोक दारं लावून, आवाज बारीक करून ते ऐकायचे. डेंगबेज म्हणून त्यांचे परंपरेने गाणारे गायक असतात. कुठल्याही वाद्याशिवाय, नुसत्या गळ्यावर तास-तासभर एखादी लढाई किंवा ताटातूट गातात. त्या गायकांचे आवाज येरेवानने ध्वनिमुद्रित करून ठेवले. म्हणजे स्वतःच्या गावचं गाणं ऐकायला परक्या देशाचं केंद्र लावायचं. सहकाऱ्याचे आजोबा रेडिओच्या तबकडीवर त्या जागी खिळ्याने खूण करून ठेवायचे म्हणे.

हे कळल्यावर डोंगरावर इराणचं केंद्र लागतं तो विनोद मला वेगळा दिसला. सीमेपलीकडचं आपसूक लागतं. स्वतःच्या राजधानीचं पकडायला डोंगर चढावा लागतो.

दगडफूल

श्टुटगार्टकर, दंडवत घ्या. हे मला माहीत नव्हतं आणि सिनेमात रेडिओ दुरुस्तीवालाच नायक का, याचं हे फार चांगलं उत्तर आहे. हक्कारीत १९७४ साली ज्याच्या हातात रेडिओ त्याच्या हातात बरंच काही.

संगीताबद्दल एक. ते कार्देश तुर्क्युलेर या गटाचं आहे. तुर्कस्तानातल्या वेगवेगळ्या भाषांमधली लोकगीतं गाणारा गट. जे संवादांतून आलं नाही ते सुरांतून आत आणलंय असं मला वाटतं.

वाचनवेडी

सिती आनाबद्दल कुणीच नीट बोललेलं नाही, म्हणून लिहिते.

दगडफूलच्या धाग्यात टीव्ही पुरणं हे फक्त शेवट म्हणून आलंय. पण एका बाईच्या बाजूने बघा. मुलगा सैन्यात गेला, त्याला वाजतगाजत निरोप दिला गेला. तो कुठे लढतोय, का लढतोय, तिला कुणी सांगितलेलं नाही. त्या उन्हाळ्यात घडलं ते असं : १५ जुलैला निकोसियात सायप्रसचे राष्ट्राध्यक्ष मकारिओस यांच्याविरुद्ध बंड झालं, त्यामागे अथेन्सची, म्हणजे ग्रीसची, लष्करी राजवट होती. २० जुलैला तुर्की फौज सायप्रसच्या उत्तर किनाऱ्यावर किरेनियाजवळ उतरली. १४ ऑगस्टला दुसरी मोहीम. अंकारात पंतप्रधान एजेवित यांचा जयजयकार. यातलं किती हक्कारीतल्या आईपर्यंत पोचलं असेल?

आणि पोचतं तेव्हा सगळ्यांसमोर पोचतं. नवरा, शेजारपाजार, पोरंटोरं, सगळे नवं यंत्र बघायला जमलेत. वाईट बातमी सांगायला माणूस येतो तेव्हा तो आधी उंबऱ्यात थांबतो, पाणी मागतो, खाली बघतो, आणि त्या वेळात बाईला कळायचं ते कळतं. इथे तो वेळच नाही. निवेदक नाव वाचतो आणि पुढच्या बातमीकडे जातो.

तुर्की जवानांची दफनभूमी सायप्रसमध्येच आहे, आजही. म्हणजे तिला आंघोळ घालायला, तोंड बघायला, मूठभर माती टाकायला काही मिळणार नव्हतं. पण पुरल्याशिवाय घरातलं माणूस गेलं असं होत नाही. हातात काय आहे? तो डबा. पश्चिमघाट याला रडवण्याचा धंदा म्हणतायत. मला तर सबंध सिनेमात परंपरेप्रमाणे वागलेली ती एकटीच बाई दिसते, आणि तिने ती परंपरा जागच्या जागी वाकवून घेतली.

पश्चिमघाट

वाचनवेडी, तुमचा प्रतिसाद सिनेमापेक्षा चांगला आहे. तक्रारही तीच आहे. हे सगळं तुम्ही लिहिलंत, दिग्दर्शकाने पार्श्वसंगीत चढवलं.

पण सोडा. तुलनेसाठी 'मुस्तांग' (२०१५) बघा. काळ्या समुद्राकाठचं इनेबोलू, पाच बहिणी, आणि शेजारणीच्या एका चुगलीनंतर घराच्या खिडक्यांना एकेक गज चढत जातात. दिग्दर्शिका देनिझ गामझे एर्ग्युवेन, अंकाराची पण वाढलेली फ्रान्सात. फ्रान्सनेच तो ऑस्करला पाठवला आणि नामांकन मिळवलं. तिथे गाव म्हणजे नुसता तुरुंग, इथे गाव म्हणजे नुसता गोडवा. मला दोन्ही नकोत.

दगडफूल

मुस्तांगवर तुर्कस्तानातही 'बाहेरच्या नजरेने काढलाय' अशी टीका झाली होती. पण त्यातला फुटबॉलचा प्रसंग विसरू नका! फक्त बायकांना प्रवेश असलेला सामना बघायला मुली पळून जातात, इकडे घरी पुरुष टीव्ही लावून बसलेले, पोरी पडद्यावर दिसतात. तर काकू बाहेर धावत जाऊन दगड मारमारून गावाचीच वीज घालवते. विझोन्तेलेमध्ये बाई टीव्ही पुरते, तिथे बाई टीव्ही बंद पाडते. दोन्हीकडे कारण एकच, घरातलं पोर.

प्रेक्षागृहात फक्त बायका हा नियम खरा होता बरं का. सप्टेंबर २०११ मध्ये इस्तंबूलला फेनरबाह्चे या फुटबॉल क्लबच्या एका सामन्याला शिक्षा म्हणून पुरुषांना बंदी केली तर चाळीस हजारांवर बायका-मुलं आली होती.

भटकंती_चालू

सिनेमा पाहिलेला नाही, पण चित्रीकरण जिथे झालं ते गेवाश पाहिलंय. वान सरोवराच्या दक्षिण काठावर. पाणी खारं, अल्कधर्मी, रंग मात्र मोरपिशी. मागे आर्तोस डोंगर, साडेतीन हजार मीटरच्या आसपास, उन्हाळ्यातही वर पांढरे पट्टे. त्याच्याकडे बघितल्यावर लहरी आत का येत नाहीत हे विचारावं लागत नाही.

गेवाशच्या किनाऱ्यावरून बोटीने आकदामार बेटावर जाता येतं. तिथे दहाव्या शतकातलं आर्मेनियन चर्च आहे, बाहेरच्या भिंतींवर आदम-हव्वा, योना आणि मासा, द्राक्षांचे वेल असं कोरीवकाम. श्टुटगार्टकर यांनी गाळलेल्या भाषेचं लिहिलंय, तर त्या भागात गाळलेले लोकही आहेत एवढंच सांगतो. चर्च २००७ मध्ये संग्रहालय म्हणून उघडलं, २०१० पासून वर्षातून एकदा प्रार्थनेला परवानगी मिळाली.

खाण्यापिण्याचं : वानची न्याहारी प्रसिद्ध आहे. रानटी पाला घातलेलं चीज, मध, साय, आणि चहा थांबवा म्हणेपर्यंत.

सुगरण_नाही_मी

पाला घातलेल्या चीजवर स्वतंत्र धागा काढा. नाव बघू नका, मी खाण्याच्या बाजूची आहे.

बाबूराव_वाळवा

पान्यावरचा तुर्की शिनेमा हाय का एकांदा? आमच्याकडं त्येच चालतंय कायम.

पश्चिमघाट

आहे, आणि मास्टरपीस आहे. 'सुसुझ याझ', १९६३. दिग्दर्शक मेतिन एर्कसान. इझमीरजवळचं खेडं, शेतात झरा असलेला मोठा भाऊ ठरवतो की कोरड्या दिवसांत पाणी खाली सोडायचं नाही, माझ्या जमिनीतलं आहे. गाव पेटतं. १९६४ मध्ये बर्लिन महोत्सवाचं सर्वोच्च पारितोषिक, गोल्डन बेअर, मिळालं. बाबूराव, तुम्हाला सबटायटल लागणार नाहीत. पाटाच्या दाराशी उभी राहिलेली माणसं कशासाठी उभी आहेत ते आपोआप कळेल.

रिकामटेकडा

विझोन्तेलेचा पुढचा भागही आहे ना?

दगडफूल

आहे. 'विझोन्तेले तूबा', २००४. तेच गाव, १९८० चा उन्हाळा. या वेळी अंकाराहून टीव्हीऐवजी एक ग्रंथपाल येतो. शिक्षा म्हणून बदली झालेला, आणि गावात ग्रंथालयच नाही! ते उभं करायला पुन्हा एमीनच. ग्रंथपालाचं काम तारिक आकानचं, त्यांच्याकडचा सत्तरच्या दशकातला देखणा नायक. १२ सप्टेंबर १९८० ला लष्कर सत्ता घेतं हे तिथल्या प्रेक्षकाला आधीच ठाऊक असतं, त्यामुळे सगळा विनोद त्या तारखेच्या दिशेने सरकत राहतो. पहिल्याइतका जमलेला नाही, पण बघा.

तंबूतला

बऱ्याच दिवसांनी लॉगिन केलं ते लतीफसाठी. इथे सगळ्यांनी त्याला खलनायक करून टाकलंय.

माझ्या थोरल्या काकांचा फिरता तंबू होता. सोलापूर, सांगोला, पंढरपूरच्या बाजूच्या जत्रा. जत्रेत सिनेमा म्हणजे नुसता पडदा लावला असं नसतं. जागेचा लिलाव, ट्रकभर बांबू आणि कनाती, जनरेटर, प्रोजेक्टरमध्ये जळणाऱ्या कार्बनच्या कांड्या. त्या दोन कांड्यांमधलं अंतर ऑपरेटरला हाताने सारखं करत राहावं लागतं, नाहीतर पडदा पिवळा पडतो आणि पब्लिक शिट्ट्या मारतं. पुण्या-मुंबईहून रिळांची पेटी वेळेवर आली नाही तर खेळ रद्द आणि शिव्या काकांना. पाऊस आला तर तिकिटाचे पैसे परत. बायकांना एका बाजूला, पुरुषांना दुसऱ्या बाजूला बसवायचं, मध्ये कनात. गावच्या म्हाताऱ्यांनी त्या अटीवर परवानगी दिलेली.

लतीफनेही हे सगळं केलं असणार. हक्कारीच्या रस्त्यांवरून रिळं आणायची म्हणजे काय असेल! गावाला मोठ्या पडद्याची सवय त्याने लावली, एकेका घराशी भांडून. आणि आता सरकार एक डबा फुकट वाटतंय. तो कान भरणार नाही तर काय करणार? दगडफूल म्हणतात गल्ल्यासाठी. हो, गल्ल्यासाठीच. गल्ला म्हणजे त्याच्या चार माणसांचे पगार.

दगडफूल

मानलं. लतीफला नुसता कान भरणारा म्हणून उडवायला नको होतं. सिनेमानेही त्याच्यावर विनोदच जास्त केलेत, त्याच्या धंद्याचं पुढे काय होणार ते बघितलेलं नाही.

तुमच्या काकांचं पुढे काय झालं? टीव्ही आला तेव्हा त्यांनीही विरोध केला का?

तंबूतला

केला ना. दोन वर्षं जत्रा कमिटीशी भांडले. मग तंबूचं सामान विकलं आणि मुंबईहून एक रंगीत टीव्ही, एक व्हीसीआर आणि पिशवीभर कॅसेटी घेऊन आले. रात्रीच्या भाड्यावर द्यायला लागले. आमच्या भागातला पहिला व्हिडिओ त्यांचा. गणपतीत तर महिनाभर आधी नाव लावावं लागायचं, आणि जत्रा कमिटीवाल्यांना ते मुद्दाम शेवटची रात्र द्यायचे.